कमरेला रोज लावायचं पिस्तूल : रीलमधलं आणि आपल्याकडचं

वाशिमहून बोलतोय. ज्यांना ऐकायला वेळ नाही किंवा रेंज नाही, त्यांच्यासाठी हा भाग नेहमीप्रमाणे लिहून टाकलाय.

१ ऑक्टोबर २०२४ ची पहाट आठवते का? अभिनेता गोविंदा कोलकात्याला निघायच्या गडबडीत होता. पावणेपाचचा सुमार, जुहूचं घर. स्वतःचं परवान्याचं रिव्हॉल्वर तो आत ठेवत होता. ते हातातून निसटलं, खाली पडलं आणि गोळी सुटली. गुडघ्याखाली लागली. माणूस वाचला, तीन-चार दिवसांत घरी आला. आपण त्या दिवशी मीम्स पाठवत बसलो. पण त्या एका बातमीत आजच्या विषयाचा अर्धा भाग आहे. समोर ना चोर, ना दरोडेखोर, ना कुणाशी भांडण. माणूस, त्याचं छोटं रिव्हॉल्वर आणि घाई, एवढंच होतं.

हा विषय घेतला, कारण मागच्या काही आठवड्यांत तुमच्याकडून एकाच सुराचे व्हॉइस नोट आले. "भाऊ, कमरेले रोज लावासाठी कोनतं पिस्तूल बरं?" त्यातला एक रिसोडचा. पोरगा सव्वीस वर्षांचा, घरची आडत. सोयाबीनच्या दिवसांत संध्याकाळी रोकड घेऊन बाईकवर घरी येतो. आजोबांचं .३२ बोअरचं रिव्हॉल्वर घरात कपाटात आहे, आजोबा दिवाळीनंतर वारले. त्याचा प्रश्न असा, की आजोबांचंच लावू की नवीन 'प्रबल' घेऊ? प्रश्न अगदी सरळ आहे. उत्तर तेवढं सरळ नाही, म्हणून जरा सावकाश जाऊ.

आधी यूट्यूब बाजूला ठेवा. तिथे अमेरिकेतले गडी ग्लॉक १९ काढतात, सिग पी ३६५ काढतात, शर्ट खाली करून आरशात दाखवतात की बघा, काहीच दिसत नाही. त्यांचा सगळा काथ्याकूट ९ एमएमच्या पिस्तुलांवर चालतो. आपल्याकडे ९ एमएम हा प्रतिबंधित बोअर. पोलीस आणि सैन्य वापरतं ते काडतूस सामान्य परवान्यावर मिळत नाही. परदेशी पिस्तूल मागवणं तर सामान्य माणसाला १९८० च्या दशकापासूनच बंद आहे. म्हणून जुनी विलायती रिव्हॉल्वर हातोहात सोन्याच्या भावाने जातात, तो भाग वेगळा. मुद्दा असा, की तिकडची तुलना आपल्या कामाची नाही. आपल्यासमोर ताट वाढलंय ते बहुतेक .३२ चं.

आणि त्यातही एक मेख आहे. .३२ म्हणजे एकच काडतूस नव्हे. रिव्हॉल्वरचं काडतूस वेगळं, लांब, कडा असलेलं. पिस्तुलाचं वेगळं, आखूड. पिस्तुलाचं .३२ हे जॉन ब्राउनिंग या अमेरिकन माणसाने १८९९ च्या सुमारास तयार केलेलं. म्हणजे सव्वाशे वर्षं जुनी गोष्ट आपण 'लेटेस्ट' म्हणून विकत घेतो. एकाची गोळी दुसऱ्यात चालवायची नाही. दुकानात नुसतं "बत्तीसच्या गोळ्या द्या" म्हणू नका.

रिव्हॉल्वर आणि पिस्तूल यांतला फरकही सांगून टाकतो, कारण पेपरवाले दोन्ही शब्द कसेही वापरतात. रिव्हॉल्वरमध्ये फिरणारं सिलिंडर असतं, आपल्याकडच्या .३२ ला सहा घरं. पिस्तुलात गोळ्या मुठीतल्या मॅगझिनमध्ये असतात आणि वरचा भाग, म्हणजे स्लाइड, मागे ओढून पहिली गोळी नळीत चढवावी लागते.

आता काय काय मिळतं ते बघू. कानपूरच्या स्मॉल आर्म्स फॅक्टरीचं .३२ रिव्हॉल्वर, गावोगावच्या पाटलांकडे, व्यापाऱ्यांकडे दिसतं ते. नळी ७६ मिलिमीटर, वजन साधारण ७०० ग्रॅम. गोळ्या भरताना मधून मोडतं, जुन्या वेब्लीसारखं. मग 'निर्भीक', जानेवारी २०१४ मध्ये आलं. दिल्लीच्या घटनेनंतर महिलांसाठी म्हणून जाहिरात झाली, वजन ५०० ग्रॅमच्या आसपास, किंमत तेव्हा सव्वा लाखाच्या घरात. स्वसंरक्षणाची गरज सांगून सव्वा लाखाचं खेळणं विकायचं, यावर तेव्हाच टीका झाली आणि ती मला पटते. पिस्तुलात 'अशनी' आहे. आणि ऑगस्ट २०२३ मध्ये 'प्रबल' आलं. तेही कानपूरचंच, पण सिलिंडर बाजूला उघडणारं, वजन सुमारे ६७५ ग्रॅम. खासगी कंपन्याही उतरल्यात, उत्तर प्रदेशात संडीला इथे वेब्ली अँड स्कॉटचं नाव घेऊन रिव्हॉल्वर बनतं.

'प्रबल'च्या जाहिरातीत ५० मीटर पल्ला असं ठळक लिहिलं होतं आणि पोरं त्यावरच भाळली. ५० मीटर म्हणजे किती? क्रिकेटची खेळपट्टी वीस मीटरची, तशा अडीच खेळपट्ट्या. तेवढ्या लांब असलेल्या माणसापासून तुम्हाला संरक्षण हवंय की त्याच्यापासून निघून जायला रस्ता हवाय? रोज लावायच्या हत्याराचा विचार फार तर अर्ध्या खेळपट्टीचा असतो. आणि त्या अंतरावर काय होतं, यावर अमेरिकेतल्या डेनिस टुलर नावाच्या पोलीस सार्जंटने १९८३ मध्ये लिहून ठेवलंय. त्याने मोजलं, की चाकू घेतलेला माणूस २१ फुटांवरून साधारण दीड सेकंदात तुमच्या अंगावर येतो. दीड सेकंद! शर्ट वर करायचा, खालचं हत्यार काढायचं, रोखायचं. होल्स्टरमधून काढण्याचा रोज सराव करणाऱ्या पोलिसाचीच तेवढ्यात तारांबळ उडते. बाईकवर, हेल्मेट घातलेलं, एका हातात क्लच, पाठीला बॅग. रिसोडच्या भावाने हे चित्र एकदा डोळ्यांसमोर आणावं.

म्हणून मी तपासायला घेतलं तर सुरुवात ताकदीपासून करणार नाही. .३२ हे ९ एमएमच्या मानाने अशक्तच, ऊर्जेत अडीच-तीन पटींचा फरक. ते काही केल्या बदलणार नाही. माझा पहिला प्रश्न गोविंदाचा. पडलं तर सुटेल का?

जुन्या रिव्हॉल्वरमध्ये मागचा घोडा, म्हणजे हॅमर, थेट गोळीच्या टोपीवर टेकून बसू शकतो. (मुंबईत आख्ख्या हत्यारालाच घोडा म्हणतात, पण खरा घोडा हा.) तो दगडावर, फरशीवर उलटा आपटला की टोपीला धक्का आणि गोळी बाहेर. ट्रिगरला बोटही लागत नाही. म्हणून जुनी जाणती माणसं सहा घरांत पाचच गोळ्या भरायची, घोड्याखालचं घर रिकामं ठेवायची. नव्या बनावटीत घोडा आणि गोळी यांच्यामध्ये एक पट्टी येते किंवा जाते. ट्रिगर पूर्ण ओढल्याशिवाय दोघांची गाठच पडत नाही. तुम्ही जे घ्याल त्यात अशी सोय आहे का, ती चालू स्थितीत आहे का, हे दुकानदाराला विचारा, उघडून दाखवायला लावा. "सगळ्यात असते" हे उत्तर घेऊ नका.

आता या कसोटीवर आजोबांचं रिव्हॉल्वर ठेवा. वीस-तीस वर्षं कपाटात. तेल कधी लागलं माहीत नाही. गोळ्या त्याच वयाच्या. मधून मोडणाऱ्या रिव्हॉल्वरची खीळ झिजली तर नळी आणि सिलिंडर नीट जुळत नाही. असलं हत्यार कारागिराकडून तपासल्याशिवाय मी तर खिशातच काय, उशालाही ठेवणार नाही.

पण त्याआधी कायद्याचा भाग आहे आणि तो जास्त तातडीचा. भाऊ, परवाना आजोबांच्या नावावर होता. आजोबा गेले त्या दिवशी तो परवानाही गेला. आता घरात आहे ते विनापरवाना शस्त्र. शस्त्र अधिनियम १९५९ चं कलम २१ सांगतं, की ताबा कायदेशीर राहिला नाही की विनाकारण उशीर न करता जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करा. जमा केल्याची पावती घ्या. मग वारस म्हणून स्वतःच्या नावावर परवाना मागा. २०१६ च्या शस्त्र नियमांत वारसाची वेगळी तरतूद आहे. खरं तर धारकाचं वय सत्तर झालं किंवा शस्त्र पंचवीस वर्षं त्याच्याकडे असलं, तर तो जिवंतपणीही वारसाच्या नावाने करता येतं. अनेक घरांत हे कुणी करत नाही, कारण आजोबांसमोर तो विषय काढायचा कसा? ज्यांच्या घरी अजून आजोबा आहेत आणि रिव्हॉल्वरही आहे, त्यांनी काढा. विनापरवाना सापडलं तर २०१९ च्या दुरुस्तीनंतर कमीत कमी दोन वर्षं, जास्तीत जास्त पाच. "आजोबांचं होतं साहेब" हे ठाणेदाराला सांगायचं वाक्य आहे, कोर्टात ते पुरेल असं धरून चालू नका.

तर समजा परवाना मिळाला. अर्ज ऑनलाइन, मग जिल्हाधिकारी कार्यालयाची गृह शाखा, पोलिसांचा अहवाल, वय किमान एकवीस, हत्यार हाताळण्याच्या प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र. परवाना आता पाच वर्षांचा असतो आणि एका माणसाला जास्तीत जास्त दोन शस्त्रं. रोज न्यायचं कसं?

इथे आपला नियम अमेरिकेच्या उलटा आहे आणि मला तो आवडतो. तिकडे अनेक ठिकाणी लपवून नेण्याचा वेगळा परवाना असतो. आपल्याकडे सार्वजनिक ठिकाणी न्यायचं असेल तर झाकूनच न्यावं लागतं. अंगाला बांधलेल्या होल्स्टरमध्ये किंवा तशा पिशवीत, पूर्ण झाकलेलं आणि पूर्ण तुमच्या ताब्यात. शर्टावरून पट्टा लावून मूठ चमकवत लग्नात फिरणं, हॉटेलात टेबलावर काढून ठेवणं, हे नियमात बसत नाही. वरातीत हवेत गोळीबार केला तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. डिसेंबर २०२४ मध्ये मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांचा खून झाला, त्यानंतर बीडचे हवेत गोळ्या झाडतानाचे व्हिडिओ सगळ्यांनी पाहिले. एका जिल्ह्यात बाराशेच्या वर परवाने असल्याचं तेव्हा समोर आलं आणि मग रद्द करायची धावपळ झाली. दाखवायला घेतलेल्या हत्याराचं हेच होतं.

होल्स्टरवर मी जरा जास्त बोलणार आहे, कारण आपल्याकडे लाखभर रुपयांचं रिव्हॉल्वर घेतात आणि ते पायजम्याच्या खिशात टाकतात. खिशात किल्ल्या, सुट्टे पैसे, तंबाखूची डबी. ट्रिगरमध्ये किल्ली अडकायला किती वेळ लागतो? होल्स्टर असं हवं की ट्रिगर पूर्ण झाकला गेला पाहिजे, आणि उलटं धरून हलवलं तरी हत्यार पडता कामा नये. कातड्याचं दिसायला छान, पण आपल्या मे महिन्यात, चव्वेचाळीस डिग्रीला घाम पिऊन बसतं. मग लोखंडाला गंज. आठवड्याला पुसणं, तेलाचा हात देणं आलंच. जाडजूड कापडाचं सैल होल्स्टर सहा महिन्यांत पिशवी होतं. कडक प्लास्टिकचं टोचतं, पण आकार सोडत नाही. मी टोचणारं घेईन.

बाईकवर बसल्यावर पोटाशी लावलेलं हत्यार मांडीकडे रोखलेलं असतं, हेही बघून ठेवा. खड्डे किती आहेत ते तुम्हाला माहीत आहे.

मग रिव्हॉल्वर की पिस्तूल? पिस्तूल चपटं असतं, शर्टाखाली कमी दिसतं, हे खरं. पण .३२ च्या पिस्तुलाची स्प्रिंग ताठ असते. स्लाइड ओढायला जोर लागतो आणि नळीत गोळी आहे की नाही हे नवख्याला पटकन कळत नाही. मॅगझिन काढलं म्हणजे रिकामं झालं असं समजून किती जणांनी घरात गोळी झाडलीय! नळीतली एक गोळी तिथेच असते. रिव्हॉल्वर उघडलं की सहाही घरं डोळ्यांसमोर. ट्रिगर लांब आणि जड, सहज ओढला जात नाही. पहिलंच हत्यार असेल तर माझं मत रिव्हॉल्वरकडे, आणि जुन्या मोडणाऱ्यापेक्षा बाजूला उघडणाऱ्याकडे. म्हणजे त्या पोराच्या दोन पर्यायांत 'प्रबल'. फक्त ५० मीटरचं नाव काढू नका. आणि दुकानातच रिकाम्या रिव्हॉल्वरचा ट्रिगर घोडा न ओढता दहा वेळा दाबून बघा. दहाव्या वेळी हात थरथरत असेल तर ते तुमच्यासाठी नाही, कितीही देखणं असो.

सराव हा सगळ्यात दुबळा दुवा. गोळ्या किती घ्यायच्या ते परवान्यावर लिहिलेलं असतं. शेतात जाऊन झाडाला मारून बघणं हा गुन्हा. अधिकृत रेंज गाठायची तर लांबचा प्रवास. म्हणजे बहुतेक परवानाधारक वर्षाला एकही गोळी न झाडता ते कमरेला वागवतात. गाडी वर्षभर चालवली नाही आणि एकदम मालेगावच्या बाजाराच्या गर्दीत घातली, तसं ते आहे.

'रोज' या शब्दाबद्दलही बोलू. २०२४ मध्ये आपल्याकडे लोकसभेचं मतदान २६ एप्रिलला झालं आणि विधानसभेचं २० नोव्हेंबरला. लोकसभेची आचारसंहिता १६ मार्चपासून, विधानसभेची १५ ऑक्टोबरपासून. या काळात ज्यांची ज्यांची शस्त्रं जमा करायची ठरतात त्यांना ठाण्यात नेऊन द्यावी लागतात. आता तारखा नीट बघा. ऑक्टोबर-नोव्हेंबर म्हणजे सोयाबीन बाजारात येण्याचे दिवस. ज्या दिवसांसाठी हत्यार घेतलं, त्याच दिवसांत ते पोलीस ठाण्याच्या कपाटात असू शकतं. बाकीच्या दिवसांतही कोर्टात, शाळेत, विमानतळावर ते चालत नाही. मग ठेवणार कुठे? बाईकच्या डिक्कीत? त्या डिक्कीचं कुलूप पेनाच्या टोपणाने उघडतं.

आणि ठेवलेलं हत्यार दुसऱ्याच्या हातात गेलं की काय होतं? ८ फेब्रुवारी २०२४ ला दहिसरमध्ये अभिषेक घोसाळकर यांची फेसबुक लाइव्ह चालू असताना हत्या झाली. पोलिसांच्या म्हणण्यानुसार वापरलेलं पिस्तूल मारेकऱ्याच्या नव्हे, त्याच्या अंगरक्षकाच्या परवान्यावरचं होतं. घरात लहान पोरं असतील तर हा प्रश्न आणखी मोठा. पोरांना कपाटाची किल्ली कुठे असते ते तुमच्याआधी माहीत असतं.

काही जण म्हणतील, एवढं झंझट कशाला, चोपड्याच्या पलीकडून कट्टा आणू. मध्य प्रदेशातल्या बडवानी जिल्ह्यातलं उमर्टी गाव यासाठी बदनाम आहे आणि आपल्या पोलिसांच्या कारवायाही तिथे होत असतात. त्याचं मूल्यमापन दोन ओळींत संपतं. नळी कुठल्या लोखंडाची, किती दाब सोसेल हे बनवणाऱ्यालाही ठाऊक नसतं, म्हणून तो पुढे सुटेल की हातात फुटेल याची खात्री नाही. आणि हातात घेऊन रील टाकली की स्थानिक गुन्हे शाखेला शोधत फिरावं लागत नाही, तुम्हीच पत्ता दिलेला असतो.

रिसोडच्या भावाला शेवटी मी काय सांगितलं ते सांगतो. पहिलं, उद्या सकाळी आजोबांचं रिव्हॉल्वर जमा कर. एकट्याने पिशवीत घालून नेऊ नकोस, आधी ठाण्यात फोन कर, ते सांगतील तसं कर. दुसरं, रोकड का न्यावी लागते ते बघ. शेतकऱ्याला आरटीजीएस केलं, उरलेलं बँकेत त्याच दिवशी भरलं, वेळ आणि रस्ता रोज बदलला, सोबत एक माणूस घेतला, तर दीड सेकंदाचा प्रश्न बराचसा मिटतो. एवढं करूनही धोका खरा असेल, धमकी आली असेल, तर तिची तक्रार आधी नोंदव. परवान्याच्या अर्जालाही तीच लागते.

आणि तिसरं, हे सगळ्यांसाठी. किराणा दुकानातून एक किलो मिठाचा पुडा आणा. पाव किलो काढून ठेवा. उरलेलं पाऊण किलो म्हणजे जवळजवळ सहा गोळ्या भरलेलं .३२ रिव्हॉल्वर. ते घट्ट बांधून कमरेला लावा. सकाळी उठल्यापासून रात्री झोपेपर्यंत, आठ दिवस. नियम एकच : ते कुणाला दिसता कामा नये आणि तुमच्या ताब्यातून सुटता कामा नये. संडासला जाताना, दाढी करायला बसताना, मंदिरात, सासुरवाडीला, पुतण्या कडेवर असताना. आठ दिवसांनी मला व्हॉइस नोट टाका, की पुडा किती वेळा काढून ठेवलात आणि किती वेळा कुठे विसरलात.